झेंडू रंगीत दिसला पाहिजे

आमचा जुना टीव्ही चांगला होता, असं माझं आजही मत आहे. ब्लॅक अँड व्हाइट, चौदा इंची. शेवटची दोन वर्षं त्यातलं चित्र मधोमध दुमडायचं, एवढंच. म्हणजे बातम्या सांगणाऱ्या बाईंची हनुवटी वर आणि कपाळ खाली. पण बातम्या तोंडातून येतात, आणि तोंड कुठं का असेना, आवाज स्पष्ट होता. वरच्या उजव्या कोपऱ्यावर तळहातानं एक मारली की कपाळ जागेवर जायचं. दोन मारल्या की बाई जायच्या आणि मुंग्या यायच्या. किती मारायच्या आणि कधी थांबायचं, याचा अंदाज घरात फक्त मला होता. खरं सांगायचं तर, माझ्या हाताला मान देणारी घरातली ती एकमेव वस्तू होती.

दोन हजार सालची दिवाळी नुकतीच उरकली होती. मी तेव्हा शिरूरच्या तहसील कचेरीत आस्थापना शाखेला कारकून होतो. म्हणजे कर्मचाऱ्यांच्या रजा, बदल्या, तऱ्हेतऱ्हेच्या परवानग्या, सगळं माझ्या टेबलावरून जायचं. लोक भाऊसाहेब म्हणायचे. घरात मी, बायको रतन आणि दहावीतली स्वप्नाली, अशी तीन माणसं. भाड्याच्या दोन खोल्या आणि पुढं अंगण.

बाजाराच्या दिवशी माझे सासरे आले. ज्ञानोबा आप्पा. कोरेगाव भीमाच्या अलीकडं त्यांचं रान आहे. फुलं आणि भाजीपाला करतात. एरवी आप्पा आले की दारातूनच "रतन, पाणी दे गं" म्हणतात. त्या दिवशी पाणीही मागितलं नाही. डोक्यावरची पाटी खाली ठेवली, पाटीतला झेंडू बाजूला सारून भाजी काढून दिली आणि म्हणाले,

"जावईबापू, मी टीव्हीत येणार हाय."

दसऱ्याच्या आधी दूरदर्शनची माणसं त्यांच्या रानात येऊन झेंडूचं शूटिंग करून गेली होती. आप्पांनी ते कुणाला बोलून दाखवलं नव्हतं. न जाणो, दाखवलंच नाही तर? आता कार्ड आलं होतं. येता सोडून पुढच्या शुक्रवारी, संध्याकाळी साडेसहाला, शेतीच्या कार्यक्रमात.

रतनच्या डोळ्यांत पाणी आलं. स्वप्नालीनं आजोबांच्या हातावर टाळी दिली. मी अभिनंदन केलं.

"आन् आमच्याकडं साडेसहाला लाइटच नसती," आप्पा म्हणाले. "तवा ठरलंय, समद्यांनी तुमच्याकडं यायचं बघायला."

"समद्यांनी म्हणजे?"

"टेम्पो सांगितलाय."

मग आप्पांचं लक्ष आमच्या टीव्हीकडं गेलं. त्या वेळी कुणीतरी गृहस्थ साबणाचे गुण सांगत होते. पाय वर, डोकं खाली.

"ह्यात मी बी आसाच दिसंन का?" आप्पांनी हळूच विचारलं.

मी तत्परतेनं उठून कोपऱ्यावर एक मारली. गृहस्थ सरळ झाले. "बघा. काही प्रश्न नाही."

"पण पप्पा," स्वप्नाली म्हणाली, "आजोबांचा झेंडू काळा दिसेल ना!"

आप्पांनी पाटीतल्या झेंडूकडं एकदा बघितलं, टीव्हीकडं एकदा बघितलं, आणि पाणी मागितलं. त्या क्षणी आमच्या घरात रंगीत टीव्ही येणार हे ठरलं. माझं मत विचारायचं राहून गेलं.

आता, खरेदी म्हटली की माझी एक पद्धत आहे. सरकारी नोकरीत वीस वर्षं काढल्यावर माणूस उठून दुकानात जाऊन वस्तू घेऊन येऊ शकत नाही. मी आखीव ताव घेतला आणि तुलनात्मक तक्ता तयार केला. तीन दुकानं उभी, आणि आडवे रकाने: चित्र, आवाज, रिमोट, हमी, शेरा. रतननं तो बघितला आणि म्हणाली, "यात झेंडू कुठं आहे?" मी दुर्लक्ष केलं.

टीव्ही घ्यायचा आहे हे मी कुणालाही सांगितलं नव्हतं. फक्त साहेबरावांना विचारलं होतं. साहेबराव आमच्या शेजारच्या खोलीत राहायचे. एसटीच्या आगारातून मेकॅनिक म्हणून निवृत्त झालेले. त्यांना एखादी गोष्ट विचारणं आणि ती एसटी स्टँडवर माइकवरून सांगणं यात फरक इतकाच, की माइकवरचं कुणाला समजत नाही.

"भाऊसाहेब, कंपनीचं नाव बघू नका," साहेबराव म्हणाले. "वजन बघा. जड ते चांगलं. तीस वर्सं गाड्या उघडल्यात मी. हलक्या वस्तूत काय आसतंय? हवा!"

दुसऱ्या दिवशी सकाळी घरमालकीण कस्तुराबाई माडीवरून खाली आल्या. "रंगीत टीव्ही घेताय म्हनं. डोळं जात्यात बरं का त्यानं. माज्या भावाच्या सुनंला चष्मा लागला."

"त्या शिलाईकाम करतात ना?" रतननं विचारलं.

"करती की. पर टीव्हीम्होरंच बसून करती." जाता जाता त्यांनी माझ्याकडं बोट केलं. "आन् भितीत खिळा ठोकायचा न्हाई. टीव्ही तुमचा, भित माजी."

कचेरीत पोचलो तर आमचा शिपाई संपत दारातच उभा. बातमी माझ्या आधी पोचली होती. "भाऊसाहेब, निस्तं चित्र बघून फसू नका," तो म्हणाला. "समदे टीव्ही एकच आसत्यात. माजा मेहुणा शिक्रापूरला कंपनीत हाय. टीव्हीचं डबं बनवतो. एकच डबा, चार कंपन्यांना जातो. वर निस्तं नाव चिकटवायचं."

"आणि आतलं?"

"आतलं त्याला ठाव न्हाई. त्याच्या डिपार्टमेंटला रिकामंच आसतंय."

पुढचे दोन दिवस मला जिथं तिथं रिकामे डबे दिसायला लागले.

या सगळ्या धांदलीत मी एक गोष्ट विसरलो नाही, याचा मला अभिमान आहे. शासकीय कर्मचाऱ्यानं ठरावीक किमतीवरची वस्तू घ्यायची म्हटलं, की कार्यालयाला कळवावं लागतं. हा नियम आमच्या कचेरीत सगळ्यांना माहीत होता आणि कुणीच पाळत नव्हतं. पण आस्थापना शाखेच्या माणसानंच नियम मोडला तर लोकांनी बघायचं कुणाकडं? मी अर्ज लिहिला: महोदय, मी घरगुती वापरासाठी एक रंगीत दूरचित्रवाणी संच खरेदी करू इच्छितो, तरी परवानगी मिळावी.

अर्ज आवकला दिला. तिथं नोंद होऊन तो संबंधित टेबलाकडं आला. संबंधित टेबल माझंच होतं. मी चष्मा पुसून अर्ज वाचला. संचाचा आकार नमूद नव्हता. असा अर्ज मी आजवर कुणाचाच पुढं पाठवला नव्हता. मी अर्जदाराला पत्र काढलं: त्रुटींची पूर्तता करून अर्ज फेरसादर करावा. पत्र जावकला गेलं, नोंद झाली, आणि संपत ते घेऊन माझ्यासमोर उभा राहिला.

"सही करा भाऊसाहेब. मिळालं म्हनून."

मी सही केली. संपत थोडा घुटमळला. "एक बोलू का? ह्या मानसाला लई हेलपाटं घालायला लावू नका. सासरा टीव्हीत यायचाय त्याचा."

मी पूर्तता करून 'वीस इंच' असं लिहिलं आणि अर्ज पुन्हा सादर केला. वीस का, तर स्वप्नालीच्या मैत्रिणीकडं वीस इंची होता. तोवर तहसीलदार साहेब बैठकीसाठी जिल्ह्याला गेले होते. ते कधी येणार हे कुणालाच माहीत नव्हतं, कारण त्यांच्या दौऱ्याची फाइलही जिल्ह्यालाच गेली होती.

रविवारी आम्ही बाजारपेठेतल्या मोठ्या दुकानात गेलो. मी, रतन, स्वप्नाली, आणि वजनासाठी साहेबराव.

आत भिंतभर टीव्ही मांडले होते. बारा. सगळ्यांवर एकच बाई एकच गाणं म्हणत होती, पण प्रत्येकीचा रंग वेगळा. पहिलीला कावीळ झाल्यासारखी वाटत होती. दुसरी नुकतीच शेतातून धावत आल्यासारखी लाल. तिसरी निळसर, म्हणजे जरा काळजीच वाटावी अशी. मी तक्ता काढला आणि शेठना विचारलं, "यातला खरा रंग कोणता?"

शेठ हसले. "साहेब, त्या बाईंना आपण कुठं समक्ष बघितलंय? तुम्हाला आवडंल तो खरा."

असल्या उत्तरासाठी माझ्या तक्त्यात रकाना नव्हता. मी माघार घेत नाही असं बघून शेठनी दुकानातला शूटिंगचा कॅमेरा सुरू केला आणि वायर टीव्हींना जोडली. लग्नाच्या शूटिंगचाही त्यांचा धंदा होता. "आता आपलं दुकानच बघा टीव्हीत. रंग ताडून घ्या."

बाराही पडद्यांवर दुकान दिसायला लागलं. पण मधोमध कुणीतरी गृहस्थ पाठमोरे उभे होते आणि हलत नव्हते. डोक्यावर मागच्या बाजूला चांगला वाटीएवढा चंद्र. मला राग आला.

"शेठ, त्या टकल्या गृहस्थांना जरा बाजूला व्हायला सांगा. काहीच दिसत नाही."

रतननं माझी बाही ओढली. "अहो, तुम्हीच आहात ते."

मी डावा हात वर केला. बारा टकल्या गृहस्थांनी डावे हात वर केले. माणसाला स्वतःची पाठ आयुष्यभर दिसत नाही ही देवाची केवढी सोय आहे, हे मला त्या दिवशी कळलं. मी रुमालानं घाम पुसण्याच्या निमित्तानं हात मागं नेला आणि तो बराच वेळ तिथंच ठेवला.

माझी ही अवस्था चाललेली असताना साहेबराव भिंतीच्या टोकाला पोचले होते. त्यांनी दोन-तीन टीव्ही उचलून, मान हलवून, खाली ठेवले होते. शेवटी ते दुकानातल्या सगळ्यात मोठ्या टीव्हीपाशी आले. एकोणतीस इंची. शेठ "नको, नको" म्हणेपर्यंत साहेबरावांनी त्याला मिठी मारून उचललासुद्धा.

"हां!" ते समाधानानं म्हणाले. "ह्याला म्हनायचं टीव्ही. गिअरबॉक्सवानी जड हाय."

मग त्यांचा चेहरा बदलला.

"भाऊसाहेब," ते अगदी बारीक आवाजात म्हणाले, "उसण भरली."

खाली वाकता येईना, टीव्ही सोडता येईना. दुकानातल्या दोन माणसांनी धावत जाऊन त्यांच्या हातातून टीव्ही काढून घेतला. टीव्ही निघाला, पण साहेबरावांचे हात आणि कंबर मिठी मारल्यासारखे तसेच राहिले. त्यांना खुर्चीत बसवता येईना, रिक्षात घालता येईना. शेवटी शेठनीच माल पोचवायच्या टेम्पोत गादी अंथरून दिली. साहेबरावांना उभ्याचे आडवे करून आम्ही त्यात ठेवलं.

आता घरी काय झालं होतं, तर कस्तुराबाईंना कुणीतरी सांगितलं होतं की भाऊसाहेबांचा टीव्ही टेम्पोत चढवताना बघितला. डोळे जाणार ही भीती त्यांनी तेवढ्यापुरती बाजूला ठेवली होती. टेम्पो दारात थांबला तेव्हा गल्लीतल्या सात-आठ बायका ताट, कुंकू, नारळ घेऊन तयार होत्या. टेम्पोचा मागचा फाळका पडला. आत गादीवर साहेबराव, हात पुढं करून.

कस्तुराबाईंनी एकदा ताटाकडं बघितलं, एकदा साहेबरावांकडं. "लावलेलं निरांजन इझवू नये," असं म्हणून त्यांनी साहेबरावांना ओवाळलं.

शुक्रवार जवळ येत होता. साहेब आलेले नव्हते. माझा तक्ता भरला होता, पण शेऱ्याच्या रकान्यात तिन्ही दुकानांपुढं 'विचाराधीन' असं होतं. बुधवारी सकाळी रतन म्हणाली, "आज मी निवडते. तुम्ही नुसतं सोबत चला." तिच्या आवाजात काहीतरी होतं, त्यामुळं मी अर्ध्या दिवसाची रजा टाकली. ती मीच मंजुरीसाठी ठेवली.

दुकानात शिरताना मी डोक्यावर टोपी घातली होती. रतननं इकडंतिकडं न बघता शेठना सांगितलं, "तो कॅमेरा लावा." मग पिशवीतून ओल्या फडक्यात गुंडाळलेलं एक फूल काढलं. आप्पांच्या रानातला झेंडू. कोरेगावहून येणाऱ्या दूधवाल्याकडून तिनं सकाळीच मागवून घेतला होता. तिनं तो तळहातावर घेतला आणि कॅमेऱ्यासमोर धरला.

बारा पडद्यांवर बारा झेंडू उमलले. एकात लिंबू दिसत होतं. एकात टोमॅटो. एकात तर चक्क अंड्याचा बलक. रतन एका हातानं फूल धरून दुसऱ्या टोकापर्यंत बघत गेली. खालच्या ओळीत कोपऱ्यात एक टीव्ही होता, एकवीस इंची. त्या कंपनीचं नाव मी कधी ऐकलं नव्हतं. तिथं ती थांबली. तळहाताकडं बघितलं. पडद्याकडं बघितलं.

"हा," ती म्हणाली. "हा आप्पांचा आहे."

पाच मिनिटं. मी खिशातला तक्ता खिशातच राहू दिला. मनाशी कबूल केलं, एवढी सरळ पद्धत मला सुचली नव्हती. पण वीसऐवजी एकवीस इंच म्हणजे मंजुरी नसलेला एक इंच जादा, हे मला तिथंही जाणवल्याशिवाय राहिलं नाही.

टीव्ही गुरुवारी घरी आला. चौदा इंचीसाठी केलेल्या शोकेसच्या खणात तो अर्थातच बसला नाही. पुढून शिरेना, म्हणून मी मागून प्रयत्न केला आणि शोकेसची मागची फळी हातात आली. शेवटी रतनच्या शिलाई मशीनवर त्याची स्थापना झाली. मशीन उंबऱ्यालगत आणलं, म्हणजे टीव्हीचं तोंड अंगणाकडं आणि टेम्पोतली माणसं अंगणात. मशीनच्या पायट्याला कुणाचा पाय लागला, की टीव्ही मान डोलवायचा.

अँटेना कस्तुराबाईंच्या गच्चीवर लावायचा होता. खिळा नाही, या अटीवर तो पाण्याच्या टाकीच्या पाइपाला सुतळीनं बांधला. फिरवायला कस्तुराबाई स्वतः उभ्या राहिल्या.

"आलं का?"

"नाही!"

"आता?"

"आलं! आलं! गेलं!"

बाजेवर पडलेले साहेबराव खिडकीतून सूचना देत होते. "रिव्हर्स घ्या बाई! थोडं रिव्हर्स! बास! हँडब्रेक!" एकदाचं चित्र लागलं. स्वच्छ. कस्तुराबाई धावत खाली आल्या, पडद्यासमोर वीतभर अंतरावर बसल्या आणि जेवायला हाक मारेपर्यंत उठल्या नाहीत.

शुक्रवारी मी कचेरीतून लवकर निघालो. सव्वापाचला टेम्पो आला. त्यातून सत्तावीस माणसं उतरली. मी मोजली, कारण गावकरी एवढे उतरत होते की टेम्पोला तळच नाही असं वाटलं. सगळ्यात शेवटी आप्पा. नवीन फेटा, पांढरंशुभ्र धोतर, आणि हातात मनगटाएवढा जाड झेंडूचा हार. गल्ली आधीच जमली होती. संपत आला होता. साहेबरावांची बाज चौघांनी उचलून अंगणात आणून ठेवली होती. अशी चाळीस-पंचेचाळीस माणसं आमच्या अंगणात बसली आणि आप्पांनी पुढं होऊन टीव्हीला हार घातला. नमस्कार केला. बऱ्याच जणांनी केला. मीही केला.

नवीन वस्तू फार तापू नये म्हणून मी टीव्ही रिमोटनं बंद करून ठेवला होता. सहा पंचवीसला मी सगळ्यांसमोर उभा राहिलो, रिमोट धरला आणि बटण दाबलं.

काही झालं नाही.

पुन्हा दाबलं. जवळ जाऊन दाबलं. लांब जाऊन दाबलं. रिमोटमधले सेल काढून, धोतरावर पुसून परत घातले. धोतर आप्पांचं होतं.

"मेहुणा म्हनतच व्हता," संपत हळहळला. "आत रिकामं आसतंय."

"हलका घेतला म्हनून," बाजेवरून साहेबराव.

सहा सत्तावीस. रतनचा चेहरा मला बघवेना. आप्पा फेट्याचा शेव नुसता बोटाला गुंडाळत होते. चाळीस माणसं माझ्याकडं बघत होती. मला काही सुचेना, आणि काही सुचत नाही तेव्हा माणसाचा हात जुन्या वळणावर जातो. मी पुढं झालो आणि त्या कोऱ्या करकरीत टीव्हीच्या वरच्या उजव्या कोपऱ्यावर तळहातानं एक ठेवून दिली.

मशीन हललं. टीव्ही डोलला. बायका किंचाळल्या. हार घसरून खाली पडला, आणि हाराच्या मागं, टीव्हीच्या पोटाशी, इतका वेळ झाकलेला तांबडा दिवा दिसायला लागला. मी रिमोट दाबला. टीव्ही लागला.

रिमोटला समोर काही आडवं चालत नाही, हारामुळं अडलं होतं, हे नंतर स्वप्नालीनं सगळ्यांना समजावून सांगितलं. पण ते कुणाला पटलं नाही. "भाऊसाहेबांच्या हातात हाय," असंच सगळे म्हणाले. तो माझ्या आयुष्यातला सगळ्यात मानाचा क्षण होता. तो साधारण बारा मिनिटं टिकला.

कारण पहिली बारा मिनिटं शेळीपालन होतं. मग निवेदक म्हणाले, आता भेटू या एका प्रगतिशील फूल उत्पादकाला, आणि पडदा पिवळाधमक झाला. झेंडूच झेंडू. अगदी तोच रंग, रतनच्या तळहातावर होता तो. अंगणात कुणी हललं नाही. त्या पिवळ्यातून आप्पा चालत आले.

"आप्पा!" रतन म्हणाली, जणू ते खरोखरच आताच आले होते.

खरे आप्पा जमिनीवर ताठ बसून टीव्हीतल्या आप्पांचं ऐकत होते. लागवड कधी केली, पाणी कसं दिलं, फूल कवा तोडायचं. टीव्हीतले आप्पा इतकं छान बोलत होते, की मलाही अभिमान वाटला. मग त्या मुलाखत घेणाऱ्या गृहस्थांनी विचारलं, "आप्पा, तुम्ही झेंडूकडं वळलात कसे? कुणाचं मार्गदर्शन?"

"आमचं जावई हायेत ना," टीव्हीतले आप्पा म्हणाले. "शिरूरला, तहसील कचेरीत."

सगळ्यांनी माझ्याकडं कौतुकानं बघितलं. मी थोडा ताठ झालो.

"लई शिकल्यालं," टीव्हीतले आप्पा पुढं म्हणाले. "त्यास्नी इचारलं, झेंडू लावू का? त्ये म्हनलं, आप्पा, अजिबात लावू नका. झेंडूला कोण इचारतंय!"

"मग?"

"मग लावला."

मुलाखत घेणारे गृहस्थ हसायला लागले. "असं का पण?"

"आवं, त्याच्या आदल्या साली त्यांनीच वांगी लावा म्हनून सांगितल्यालं. लावली. तवा अनुभव हाय."

पडद्यावर पुन्हा झेंडूचं रान पसरलं, पण बघायला कुणी नव्हतं. पंचेचाळीस माणसं नवा कोरा रंगीत टीव्ही सोडून माझ्याकडं बघत होती. रतननं पदर तोंडात धरला होता आणि तिचे खांदे हलत होते. स्वप्नालीनं तर तोंडही झाकलं नाही. बाजेवर साहेबरावांना हसू आलं की कळ यायची आणि कळ आली की हसू.

आप्पा वाकून माझ्या कानाशी आले. फेट्याखालचा चेहरा पडला होता. "जावईबापू, वांग्याचं कापतो म्हनले व्हते वो त्ये."

साऱ्या महाराष्ट्रानं ऐकलं होतं. मी उठून आत जावं, दार लावून घ्यावं, असं वाटलं. पण दारात शिलाई मशीन होतं. तेवढ्यात टेम्पोतून आलेल्या माणसांतला एक म्हातारा शेतकरी पुढं सरकला. त्याच्या चेहऱ्यावर हसू नव्हतं. अगदी मनापासून, हात जोडून त्यानं विचारलं,

"भाऊसाहेब, अवंदा काय लावू नगं म्हनताय?"

सत्तावीस माणसं कान टवकारून बसली. वीस वर्षं कचेरीत बसलोय, पण माझ्या शब्दावर एवढा विश्वास मी कुणाच्या डोळ्यांत कधी बघितला नव्हता. मी रागावणार होतो, पण जमलं नाही. उलट प्रश्न गंभीर होता, म्हणून मी गंभीरपणे विचार केला. हवामान, बाजार, आवक. आणि म्हणालो,

"कोबी."

दोघा-तिघांनी लगेच एकमेकांकडं बघून माना डोलावल्या.

सोमवारी साहेब जिल्ह्याहून आले आणि पहिली सही माझ्या अर्जावर केली. वीस इंची संचास परवानगी. जादा झालेल्या एका इंचाबद्दल मी अर्जदाराकडून खुलासा मागवला. तो असमाधानकारक वाटला, पण ताकीद देऊन प्रकरण नस्तीबंद केलं. संपत म्हणाला, "ह्या मानसावर दया दाखवलीत, लई बरं केलंत."

पुढच्या हंगामात आप्पांच्या गावात सगळ्यांनी कोबी लावला. आप्पांनीही लावला. पीक असं आलं, की गड्डे रानात मावेनात. आणि नेमका त्या वर्षी सगळीकडंच कोबी आला. मार्केट यार्डात कोबीच्या गाडीकडं कुणी मान वळवून बघेना. शेवटी लोकांनी म्हशींना घातला, पाव्हण्यांना वाटला. पाव्हणे येईनासे झाले, आणि म्हशीही तोंड फिरवायला लागल्या.

एका दुपारी आप्पा आले. खांद्यावर पोतं. पोतं टेकवून ते ओसरीला बसले, डोक्याचा टॉवेल काढून घाम पुसला. मग खाली मान घालून म्हणाले,

"जावईबापू, तुमचं बरूबर व्हतं."

मी आजूबाजूला बघितलं. स्वप्नाली क्लासला गेली होती. साहेबराव लेकीकडं गेले होते. माडीवर कस्तुराबाईंचं दार बंद होतं. रतन तेवढी स्वयंपाकघरात होती.

"आप्पा," मी म्हणालो, "जरा मोठ्यानं म्हणता का?"

आप्पा भला माणूस. त्यांनी घसा साफ केला. "म्हनलं, तुमचं बरूबर व्हतं, जावईबापू!"

आत भांड्यांचा आवाज थांबला. "काय म्हणालात आप्पा?" रतननं आतून विचारलं. "नळाच्या आवाजात ऐकू आलं नाही."

आप्पांनी एकदा माझ्याकडं बघितलं, एकदा पोत्याकडं.

"काय न्हाई गं," ते म्हणाले, "कोबी आनलाय."